ओली कड

मेणकापडाची गाठ काही सुटेना. कात्री आणायला मी उठणार, एवढ्यात प्रोफेसर प्राऊटींनी ती नखांनी सोडवली, आणि आतून जे चित्र निघालं ते मी बघताक्षणी ओळखलं. बाकी खोलीत काहीसुद्धा झालं नाही. खोली तापवणारा रेडिएटर नेहमीसारखा ठोके देत होता, खाली मॅडिसन अव्हेन्यूवर बस थांबली आणि सुटली, कॉनीनं कॉफीत तिची ती साखरेऐवजीची गोळी टाकली आणि ढवळत बसली. चित्र हातभर लांब, हातभर रुंद. तपकिरी, पिवळं, मध्येच विटकरी. आखूड आखूड फटकारे, त्यांतला एकही सरळ नाही; प्रत्येक कुठून तरी निघालेला आणि वाटेतच पडलेला. प्राऊटींनी ते ईझलवर ठेवलं, दोन पावलं मागे सरले आणि हळूच म्हणाले, “अरे देवा.” त्यांचं हे ‘अरे देवा’ मी एकोणीस वर्षं ऐकते आहे. आज जेवायला लवकर सुटणार, एवढाच त्याचा अर्थ असतो.

आम्ही तिघं दर नोव्हेंबरात या खोलीत बसतो. लोक जी चित्रं ऑरिन हॅलबर्गची म्हणून घेऊन येतात, ती हॅलबर्गची आहेत की नाहीत हे ठरवायला. हॅलबर्ग म्हणजे ज्याचं नाव आता शाळेच्या पुस्तकात असतं तो. जाऊन सत्तावीस वर्षं झाली. कॉनी त्याची बायको. विधवा म्हणायचं खरं, पण मोत्यांची माळ घालून ताठ बसलेल्या कॉनीकडे बघून तो शब्द जिभेवर येत नाही. प्राऊटींनी त्याच्यावर ते जाडजूड पुस्तक लिहिलं. आणि मी, ईडिथ लोमॅक्स, त्याच्या शेवटच्या पाच वर्षांत त्याच्या स्टुडिओत मदतनीस होते. रीत अशी की चित्र ईझलवर चढलं की दहा मिनिटं कुणी बोलायचं नाही. मग आपापल्या कार्डावर पेन्सिलीनं ‘हो’ किंवा ‘नाही’ लिहायचं. तिन्ही ‘हो’ आले तर चित्र खरं. एक जरी ‘नाही’ आला तरी पाठीमागे कॅनव्हासवर लाल शिक्का बसतो, ‘ऑरिन हॅलबर्ग यांचे नव्हे’, आणि ती शाई धुतली तरी जात नाही. शिक्का मी मारते. प्राऊटींचा तिरका पडतो, आणि कॉनीची बोटं संधिवातानं वाकलेली. “तुझा हात कसा स्थिर आहे,” असं कॉनी दरवेळी म्हणते, आणि मी दरवेळी हसते.

सोबतचा फॉर्म प्राऊटींनी मोठ्यानं वाचला. नाव, स्टेफानिया ह्रिन्को. वय एक्क्याऐंशी. पूर्वी सेकंड अव्हेन्यूवरच्या युक्रेनियन खाणावळीत वाढपी. चित्र कसं मिळालं, भेट म्हणून, साठ सालच्या नाताळाच्या सुमारास. कोणत्या कारणानं? “‘मी त्यांना मांस कापून देत असे,’” प्राऊटींनी वाचलं आणि चष्म्यावरून आमच्याकडे बघितलं. “हे बरं आहे. मी माझ्या बायकोला रोज कापून देतो, मला अजून कुणी चित्र दिलं नाही.” कॉनी नाकातून हसली. खाली आणखी दोन ओळी होत्या, टपोऱ्या गोल अक्षरात. आता मुलाकडे न्यू जर्सीला राहायला जायचं आहे. मुलगा म्हणतो, खरं असलं तर संग्रहालयाला देऊ, खोटं असलं तर फूटपाथवर ठेवू, घरात जागा नाही. कृपया कागद द्यावा. “सही नाही कुठेच,” पाठीमागे बघून प्राऊटी म्हणाले. “बरं, चला.” त्यांनी मनगटातलं घड्याळ सोडून टेबलावर ठेवलं आणि दहा मिनिटं सुरू झाली.

मी चित्राकडे बघितलं नाही. मला बघायची गरज नव्हती. मी खिडकीच्या कडेकडे बघत बसले, तिथे रंगाचा पोपडा सुटला होता, आणि अकराव्या रस्त्यावरच्या त्या टोप्यांच्या जुन्या कारखान्याचा तिसरा मजला, हॅलबर्गचा स्टुडिओ, माझ्या नाकात शिरला. रॉकेलची शेगडी, टर्पेंटाइन, आणि लाकडी जमिनीच्या फटींत अडकलेले फेल्टचे धागे. ते पावसाळी हवेत ओल्या कुत्र्यासारखे वास मारायचे. छप्पन साली मी सँडस्कीहून आले, सव्वीस वर्षांची. अंगावर आईनं शिवलेला कोट आणि डोक्यात एवढंच की चित्रं काढायची, मोठी, भिंतीएवढी. पोरींनी फुलदाण्या काढाव्यात असं तेव्हा सगळेच म्हणायचे, आणि जे म्हणायचे नाहीत ते नुसते हसायचे. हॅलबर्ग हसला नाही. त्यानं विचारलं, “कुठली तू?” मी म्हटलं, ओहायो. “बाप काय करतो?” घरं रंगवतो, मी म्हणाले, आणि मान खाली घातली. “मग तुला ब्रश धुता येत असेल,” तो म्हणाला, आणि त्या दिवसापासून माझं नाव ओहायो पडलं. ईडिथ असं त्यानं मला कधीच म्हटलं नाही. ए ओहायो, डबा उघड. ए ओहायो, दिवा वळव. ते काळे प्रचंड पट्टे तो अजून काढत होता, ज्यांच्यावर त्याचं नाव झालं होतं ते, पण काढता काढता थांबायचा आणि डाव्या हातानं उजवं मनगट धरून उभा राहायचा. मी कपडे वाळत घालण्यात गुंतल्यासारखी दुसरीकडे बघायची. मग एक दिवस ब्रश हातातून पडला, जमिनीवर घरंगळत माझ्या बुटापाशी आला. त्यानं तो उचलायला सांगितलं नाही. न्हाव्याच्या दुकानातून आणलेली एक मोडकी खुर्ची होती, तिच्यात जाऊन बसला आणि म्हणाला, “तू लाव. मी सांगतो.”

सुरुवातीला खरंच सांगायचा. डावीकडे, अगं डावीकडे, आता थांब, आता ब्रश उचल. काळा पट्टा मला जमेना. काळा पट्टा हा दांडग्या खांद्याचा खेळ, आणि तो खांदा त्याचा होता. चार कॅनव्हास वाया गेले. पाचव्यावर, सगळं खरडून काढावं म्हणून, मी पांढरा लावायला घेतला, जसा बाप भिंतीला अस्तर लावायचा तसा. चार इंची ब्रश, वरून खाली एकच ओढ, आणि पहिल्या पट्ट्याची कड ओली आहे तोवर दुसरा पट्टा तिच्यावरून घ्यायचा. कड सुकू द्यायची नाही. कड सुकली की जोड दिसतो, आणि जोड दिसला की घरमालक शिव्या देतो. एवढंच माझ्या बापाचं कलाशास्त्र. मी तास-दीड तास थांबलेच नाही, थांबताच येत नाही त्या कामात, आणि संपलं तेव्हा भिंतीएवढ्या पांढऱ्याच्या खालून मघाचा करडा रंग श्वास घेतल्यासारखा वर येत होता. मला रडू आलं. आनंदानं आलं, खोटं कशाला बोलू. मी वळले तर तो खुर्चीत झोपला होता. उठल्यावर बराच वेळ बघत बसला. मग म्हणाला, “उलटं कर ते.” मी उलटं केलं. त्यानं डाव्या हातानं उजवं मनगट धरलं आणि पाठीमागे सही केली. ती सही करायला त्याला काळा पट्टा काढायला लागायचा त्याहून जास्त वेळ लागला. अशा तीन वर्षांत एकोणीस सह्या झाल्या. चौथ्या चित्रानंतर तो सांगायचा बंद झाला. मला वाटलं, विश्वास टाकला. मला तेव्हा फार काही काही वाटायचं.

त्या एकोणीस पांढऱ्यांचं पुढे जे झालं ते सगळ्या देशाला ठाऊक आहे. मरणाच्या दारातला माणूस आपले काळे आकांत सोडून देतो आणि शांत होतो, असं प्राऊटींनी लिहिलं. या जोड नसलेल्या पांढऱ्यात अमेरिकेनं पहिल्यांदा मौन धरलं, असंही लिहिलं. ते वाक्य मी आगगाडीत वाचलं आणि मला माझ्या बापाचा घरमालक आठवला, मी एकटीच हसत सुटले, समोरच्या बाईनं जागा बदलली. सरकारी प्रदर्शनातून ती चित्रं युरोपात फिरली. बघा, आमच्याकडे माणसाचा हात किती मोकळा असतो, हे पलीकडच्या, रशियाच्या बाजूच्या लोकांना दाखवायला. एका विद्यापीठानं तर आठ पांढऱ्यांसाठी खिडक्या नसलेली खोली बांधली. तिथे लोक युद्धातून परत आल्यावर जातात, घटस्फोट झाल्यावर जातात, बाकावर बसून रडतात. मी एकदा गेले होते. रखवालदार म्हणाला, “बाई, फार जवळ जाऊ नका.” चार वर्षांपूर्वी सातव्या क्रमांकाच्या पांढऱ्याचं टपाल तिकीट निघालं. विजेचं बिल पाठवताना मी माझंच चित्र पाठीमागून जिभेनं ओलं करते आणि पाकिटावर दाबून बसवते. आणि आई. आईच्या शेवटच्या आजारात सँडस्कीच्या इस्पितळात, बाहेर जिथे बसवतात तिथे भिंतीवर त्याच सातव्याची छापील प्रत होती, काचेत. आई बराच वेळ बघत होती. आधी म्हणाली, काढायचं विसरले की काय कुणी? मग थोड्या वेळानं माझा हात हातात घेऊन म्हणाली, “पण बरं वाटतं गं बघून. तू एवढी न्यूयॉर्कला गेलीस, असं काहीतरी तुला जमायला हवं होतं.” मी तिला सांगू शकले असते. तिथे तिसरं कुणी नव्हतं. मी म्हटलं, “हो ना.” आई तीन दिवसांनी गेली. जमायला हवं होतं, हे तिनं वर जाऊन कुणाला सांगितलं असेल देव जाणे.

स्वतःचं म्हणून काढायचा प्रयत्न मी केला नाही असं नाही. तो गेल्यावर ब्रुकलिनच्या खोलीत तीन वर्षं काढत होते. चौसष्ट साली सहा चित्रं टॅक्सीच्या टपावर बांधून एका गॅलरीवाल्याकडे नेली. भला माणूस होता, त्यानं खुर्ची दिली, कॉफी दिली. प्रत्येक चित्रासमोर थांबला. म्हणाला, “हात चांगला आहे तुमचा. पण लोमॅक्सबाई, ही हॅलबर्गची नक्कल आहे. इतकी वर्षं त्याच्याजवळ राहिलात, होतं असं. त्याच्या सावलीतून बाहेर पडा आधी.” तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हा. मी सहाही चित्रं परत आणली, आणि मग कॉनीचा फोन आला, की न्यास सुरू करते आहे, तुझ्याइतका त्याचा हात कुणी ओळखत नाही, येशील का. झाकली मूठ सव्वा लाखाची. मी आले. कॉनी त्या शेवटच्या वर्षांत कनेक्टिकटला राहायची, महिन्यातून एकदा येऊन जायची. तिला ठाऊक आहे की नाही, हे मला इतक्या वर्षांत कळलेलं नाही. कधी वाटतं, तिला काहीच ठाऊक नाही. कधी वाटतं, तिनं मला जवळ ठेवली ती दागिन्यांच्या पेटीची किल्ली जवळ ठेवावी तशी.

आणि ईझलवर हे. साठ सालातला शेवटचा आठवडा असेल, किंवा एकसष्टचा पहिला. सकाळी मी जिना चढून आले, तर शेगडी थंड होती आणि तो ओव्हरकोट घालून खिडकीपाशी उभा होता. उजव्या हाताला ब्रश बांधलेला होता. बांधलेला, म्हणजे फडक्याच्या चिंधीनं मनगटापासून बोटांपर्यंत गुंडाळून, गाठ दातानं मारलेली. चिंधीच्या टोकाला लाळ आणि रंग होता. समोर हा हातभर कॅनव्हास. हाताची थरथर थांबत नव्हती म्हणून त्यानं हात थांबवला नव्हता, नुसता कॅनव्हासला लावला होता, आणि हाताला जे करायचं ते हातानं केलं होतं. मला ते बघवेना. चांगलं होतं की वाईट, ते माझ्या डोक्यातच आलं नाही. कुणाला तरी न्हाणीघरात उघडं बघितल्यासारखं झालं. तो वळला. त्याचं तोंड इतकं उजळलेलं मी पूर्वी बघितलं नव्हतं, दाढी वाढलेली, दातांना पिवळा रंग. म्हणाला, “कसं आहे?” पाच वर्षांत त्यानं मला पहिल्यांदा विचारलं. आणि मी, त्याची सगळी पांढरी चित्रं काढणारी शहाणी, म्हणाले, “पुरं झालंय का?” त्यानं बांधलेला हात खाली घेतला. मी पुढे होऊन त्याच्या हाताची गाठ सोडवायला लागले, सुटेना, कापावी लागली. सही करायची का, मी विचारलं. “याला कशाला सही,” तो म्हणाला. “हे माझंच आहे.” दुपारी रंग नीट वाळलेलासुद्धा नव्हता, त्यानं ते वर्तमानपत्रात गुंडाळलं आणि खाणावळीत घेऊन गेला. परत आला तो रिकाम्या हातानं. मी विचारलं नाही. मार्चमध्ये तो वारला.

“वेळ झाली,” प्राऊटी म्हणाले, आणि घड्याळ मनगटावर चढवलं. आम्ही कार्डं उचलली. माझ्या पेन्सिलीनं ‘हो’ लिहिलं. मी लिहिलं असं म्हणवत नाही. कार्ड पालथं टाकल्यावर मला कळलं की मी काय केलं आहे. प्राऊटींनी उलटी केली. नाही. नाही. हो.

“हे काय?” प्राऊटी म्हणाले. रागानं नाही, मौजेनं. “ईडिथ, तुम्ही? या... या अंड्याच्या ऑम्लेटला?”

“हो.”

“बरं. मग नियमाप्रमाणे कारण लिहावं लागेल. एकटं मत असलं की कारण लागतं.” त्यांनी वही माझ्याकडे सरकवली आणि आपलं पेन दिलं. मग आवाज खाली आणला, मास्तर वर्गात आणतात तसा. “हे बघा, याच सुमाराला, डिसेंबर साठमध्ये, तो अठरावं पांढरं काढत होता. काय ती ओढ, काय तो ताबा. तोच माणूस त्याच महिन्यात हे काढेल? हात एकच असतो हो माणसाला.”

“बरोबर आहे,” मी म्हणाले. “हात एकच असतो.”

“मग?”

मी पेनाचं टोपण काढलं. कारण एका ओळीत मावलं असतं. हे त्यानं काढलंय आणि ती एकोणीस मी. पुढे काय, ते मला लिहिण्याआधीच दिसत होतं. विद्यापीठाच्या खोलीतले बाक उचलून नेतील. ज्या लोकांनी तिथे रडून घेतलं त्यांना आपल्या रडण्याची लाज वाटेल, आणि त्यांना लाज वाटायला लावणारी मी असेन. प्राऊटींचं पुस्तक, म्हणजे प्राऊटीच. कॉनी. आणि ती चित्रं माझी होतील का? ती माझी होणार नाहीत, तशी रीत नाही आमच्या धंद्यात. ती फक्त त्याची नाहीत असं होईल. तोच पांढरा, तीच ओढ, एक केस इकडचा तिकडे झालेला नाही, आणि एका दुपारी ती जिवंत असायची बंद होतील. एकामागून एक या खोलीत येतील, पालथी पडतील, आणि त्यांच्यावर शिक्का कोण मारणार? ज्याचा हात स्थिर आहे तोच. पोटच्या पोराला दुसऱ्याचं नाव लावून मोठं केलं, आता हे माझं म्हणून ओरडावं तर आधी पोरच मारावं लागतं. आणि गप्प बसावं, तर या जगात त्या माणसानं त्या तीन वर्षांत स्वतःच्या हातानं केलेलं जे एकच आहे ते न्यू जर्सीच्या फूटपाथवर जातं. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. मी कितीतरी वर्षं मनाशी म्हणत आले होते की वेळ आली तर सांगेन. वेळ आली होती, तिच्याजवळ पेनसुद्धा होतं, आणि मला एवढंच कळत होतं की खोलीत खूप उकडतंय आणि ही खिडकी रंगानं चिकटून बसली आहे, कित्येक वर्षांत कुणी उघडलेली नाही.

“ईडिथ,” कॉनी म्हणाली. ती चित्राकडे बघतच नव्हती, माझ्याकडे बघत होती, आणि तिचा आवाज फार मायेचा होता. “तुझा चष्मा धुरकटलाय. पुसून घे आणि पुन्हा एकदा बघ. घाई नाही.”

मी चष्मा काढला. पोलक्याच्या टोकानं पुसला. तेवढ्या वेळात खोलीतलं सगळं विरघळून पांढरं झालं होतं. पुन्हा घातला आणि चित्राकडे बघितलं, पहिल्यांदाच नीट बघितलं. मधल्या त्या विटकरी फटकाऱ्याखाली एक बोटाचा ठसा होता, ब्रश सुटला तेव्हा बोट टेकलं असावं. ते चित्र चांगलं होतं. ओंगळ, वेडंवाकडं, आणि माझ्या एकोणीस चित्रांमध्ये मिळून नाही एवढी त्याच्यात धग होती. हे मला अठ्ठावन्नाव्या वर्षी दिसलं.

“माझी चूक झाली,” मी म्हणाले.

“होतं असं,” प्राऊटी म्हणाले. त्यांनी खोडरबर पुढे केलं.

मी ‘हो’ खोडला, ‘नाही’ लिहिला. मग रोजच्यासारखं सगळं झालं. प्राऊटींनी चित्र पालथं करून टेबलावर धरलं, मी शाईची डबी उघडली, शिक्का दाबला, बरोबर मधोमध. कॉनी म्हणाली, “बघा, कसा सरळ बसतो.”

बाहेरच्या बाकावर ती स्टेफानिया ह्रिन्को सकाळपासून बसली होती, मला कुणी सांगितलंच नव्हतं. डोक्याला रुमाल, मांडीवर हातपिशवी, पाय जमिनीला जेमतेम पोचणारे. मी तिला लगेच ओळखलं. तिनं मला ओळखलं की नाही ते कळेना. मी चित्र आणि कागद तिच्या हातात दिला. कागद तिनं बोट ठेवून वाचला, शेवटपर्यंत वाचून पुन्हा वरून वाचला. मग चित्र उलटं केलं आणि लाल अक्षरांवरून अंगठा फिरवला. शाई थोडी तिच्या अंगठ्याला लागली.

“हे कुणी मारलं?”

“मी.”

“तुम्ही ती ओहायो ना?” ती म्हणाली. “त्याला जिन्यावरून धरून आणायचात ती. माझ्या लक्षात आहे. तुम्ही फक्त पाव खायचात.”

दार आतून बंद होतं, तरी मी आवाज खाली आणला. “स्टेफानियाबाई, ते त्यांचंच आहे. त्यांनी काढलं त्या सकाळी मी तिथे होते.”

“ते मला ठाऊक आहेच की,” ती म्हणाली. “तेवढ्यासाठी मी दोन बसा बदलून आले का? मला कागद पाहिजे होता. माझा मुलगा माझं ऐकत नाही, कागदाचं ऐकतो.”

“मला द्या ते. मी ठेवीन माझ्याकडे. नीट ठेवीन.”

तिनं माझ्याकडे बघितलं, मग अंगठ्याकडे. “नको,” ती म्हणाली. “तुमच्यापेक्षा फूटपाथ बरा. तिथून कुणी भिंतीला लावायला तरी नेईल.” आणि ती मेणकापड पसरून चित्र त्यात बांधायला लागली, न घाबरता, न घाई करता, जशी आयुष्यभर टेबलं पुसत आली असेल तशी. मी उभीच होते. जायला हवं होतं, पण पाय निघेना. ती गाठ मारता मारता, काहीतरी बोलायला हवं म्हणून बोलावं तशी म्हणाली, “तुम्ही काढता का हो अजून?”

“नाही. केव्हाच सोडलं.”

“चुकलंच ते. म्हातारा तर म्हणायचा, पोरगी माझ्यापेक्षा चांगली काढते. पण तिला सांगू नकोस हं, स्टेफा, म्हणायचा. तिला कळलं तर ती निघून जाईल.”

रेडिएटरचे ठोके दारातून ऐकू येत होते. “कधी म्हणाले असं?” मी विचारलं. “एखाददा म्हणाले असतील. आजारात माणूस काहीही बोलतो.”

“एखाददा कशाला?” ती म्हणाली. “रोज म्हणायचा. सूप यायच्या आधी.”

“आणि तुम्ही मला एकदाही...”

“तुम्ही गेला असता तर त्याला तीन जिने उतरवून कोण आणणार होतं? मला टेबलं होती.” तिनं हे मला टोचायला म्हटलं नाही. तिनं हातपिशवी कोपरात अडकवली, गाठोडं काखेत घेतलं, आणि लिफ्टचं बटण दाबून पाठमोरी उभी राहिली. लिफ्ट आली, ती आत गेली, दार मिटलं. जिना माझ्या उजव्या हाताला होता. कोट खुंटीवर होता. रस्ता दोन मजले खाली होता, अकरा वाजून वीस मिनिटं झाली होती, आणि मला अडवायला त्या व्हरांड्यात कुणीसुद्धा नव्हतं.

“ईडिथ,” आतून कॉनीनं हाक मारली. “पुढचं आणतेस ना?”

“आले,” मी म्हणाले, आणि आत गेले.